‘साइड रोलवाल्या बाईसाठी अख्खी संध्याकाळ कशाला?’ असं विचारणाऱ्या आमच्या फिल्म क्लबच्या समितीला खुलं पत्र

प्रति,
कार्यक्रम समिती
आणि आमच्यासारखेच क्लब गावोगावी चालवणारे सगळे

विषय: ब्रिटिश सिनेमाच्या सीझनमधून अभिनेत्री लिझ स्मिथच्या कामांची संध्याकाळ काढून टाकल्याबद्दल

नमस्कार सर, मॅडम आणि मित्रमंडळी,

सीझनचं फायनल शेड्यूल ग्रुपवर आलं तेव्हा मला वाटलं एखादी ओळ टाइप करायची राहिली असेल. राहिली नव्हती. लिझ स्मिथची संध्याकाळ काढलीय आणि त्या शनिवारी आपण आधी दाखवलेलाच दिग्दर्शक डेव्हिड लीनचा एक सिनेमा पुन्हा लावलाय. मी फोन करून कारण विचारलं तर सांगितलं गेलं की साइड रोलवाल्या बाईसाठी अख्खी संध्याकाळ कशाला, लोक येणार नाहीत, आणि तसंही तिने आयुष्यभर आजीबाईच केल्यात ना, वर परत टीव्हीवरची ती. मी फोनवर वाद घातला नाही. पण गप्प बसणंही जमत नाहीये म्हणून इथे सगळ्यांसमोर लिहितेय. क्लबचं आणि कुणाचंही नाव घेत नाही, कारण मला कुणाला कमीपणा आणायचा नाही आणि हा निर्णय कुठल्याही शहरातल्या कुठल्याही क्लबात सहज होऊ शकतो, नव्हे, होतोच.

माझा काय संबंध ते आधी सांगते. मी हौशी रंगभूमीवर काम करते, हे तुमच्यापैकी बऱ्याच जणांना माहितीये. मुलं मोठी झाल्यावर स्टेजवर आले, तेव्हापासून राज्य नाट्य स्पर्धा, एकांकिका, जिथे बोलावतील तिथे, आणि वाट्याला काय येतं तर आई, सासू, आत्या, शेजारीण, वाड्याची मालकीण. मला ते रोल आवडतात. त्यात काय काय करावं लागतं ते मला आतून माहितीये, म्हणजे दुसऱ्याचं लांबलचक वाक्य चालू असताना आपण बाजूला उभं राहून भाजी निवडत असतो तेव्हा त्या सीनचा अर्धा भार आपल्यावर असतो आणि प्रेक्षकाला ते कळतही नाही. लिझ स्मिथची कामं बघितली तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की हे शिकण्यासारखं शास्त्र आहे, आणि ते मला क्लबातल्या बाकीच्यांनाही दाखवायचं होतं. आमच्या ग्रुपमधल्या कितीतरी बायकांनी त्या शनिवारसाठी आधीच विचारून ठेवलं होतं.

समितीत सगळ्यांनी तिचं काम बघितलं असेलच असं नाही, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण न बघता निकाल दिला गेला ही तक्रार नक्की आहे. म्हणून थोडक्यात, म्हणजे थोडक्यात जमेल असं वाटत नाही, पण सांगते.

११ डिसेंबर १९२१ चा जन्म, इंग्लंडमधल्या लिंकनशायरमधलं स्कंथॉर्प हे पोलादाच्या कारखान्यांचं गाव. खरं नाव बेटी ग्लीडल. आई लहानपणीच बाळंतपणात गेली, वडील पुढे दुसऱ्या संसारात निघून गेले, आजीने वाढवलं. दुसऱ्या महायुद्धात नौदलाच्या महिला दलात नोकरी, मग लग्न, २ मुलं, घटस्फोट. पुढची कितीतरी वर्षं लंडनमध्ये मिळेल ती नोकरी करून मुलं वाढवायची आणि संध्याकाळी नाटकाच्या ग्रुपमध्ये जायचं. तो ग्रुप चार्ल्स मॅरोविट्झ या अमेरिकेहून आलेल्या दिग्दर्शकाचा, तिथे इम्प्रोव्हायझेशनवर, म्हणजे लिहिलेल्या संहितेशिवाय जागच्या जागी प्रसंग उभा करण्यावर काम चालायचं. पैसा नाही, नाव नाही, पेपरात एक ओळ नाही. आपल्याकडे दिवसा बँकेत, शाळेत, एसटीच्या ऑफिसात नोकरी करून रात्री तालमीला येणारी माणसं बघा, अगदी तशी.

१९७० च्या सुमाराला ती हॅम्लीज या खेळण्यांच्या दुकानात सेल्सवूमन होती. तेच हॅम्लीज, जे आता आपल्याकडच्या मॉलमध्ये पण दिसतं, तिचं मात्र लंडनमधलं रीजेंट स्ट्रीटवरचं. तिथे काम करत असताना तिला माइक ली नावाच्या अगदी नवख्या दिग्दर्शकाचा निरोप आला की मला एक मध्यमवयीन बाई हवीय जी इम्प्रोव्हायझेशन करू शकेल. ती तेव्हा पन्नाशीला टेकली होती. पन्नाशी म्हणजे नट्यांना काम मिळणं बंद होतं ते वय, आणि हिचं तिथे सुरू झालं. त्यानंतर ती जवळजवळ ४० वर्षं काम करत राहिली.

तो सिनेमा म्हणजे ‘ब्लीक मोमेंट्स’, १९७१. माइक लीचा पहिला. अल्बर्ट फिनी या नटाच्या कंपनीने त्याला पैसे दिले होते, आणि ते पैसे इतके थोडे होते की आजच्या शॉर्टफिल्मवाल्यांनाही आश्चर्य वाटेल. पुढे त्याला लोकार्नो महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. लिझ स्मिथ त्यात नायिकेच्या ऑफिसातल्या मैत्रिणीची म्हातारी आई आहे. छोटं काम.

आता समितीने इथे लक्ष द्यावं अशी माझी विनंती आहे, कारण तुम्ही या सीझनमध्ये माइक लीचा ‘सीक्रेट्स अँड लाइज’ ठेवलाय आणि पत्रकात त्याच्या पद्धतीबद्दल भरभरून लिहिलंय. ती पद्धत काय आहे? लिहिलेली संहिता घेऊन तो येत नाही. नट-नट्यांबरोबर आठवडेच्या आठवडे, कधी महिने बसून, त्या त्या माणसाचं आयुष्य उभं करतो, इम्प्रोव्हायझेशनमधून प्रसंग घडवतो आणि मग ते पक्कं करून शूट करतो. म्हणजे छोट्या रोलमधली बाई कशी चालेल, कशाला घाबरेल, चहाचा कप कसा धरेल, हे त्या नटीने स्वतः घडवलेलं असतं. दिग्दर्शकाचा उदोउदो करायचा आणि ज्या बाईने त्याच्या पहिल्याच सिनेमापासून हे काम त्याच्याबरोबर उभं केलं तिला ‘साइड रोलवाली’ म्हणून काढून टाकायचं, हे मला पटत नाही. आणि तुम्ही शांतपणे विचार केलात तर तुम्हालाही पटणार नाही.

मुद्दा टीव्हीचा. फोनवर मला सांगितलं गेलं की त्या संध्याकाळसाठी मी निवडलेला माइक लीचा ‘हार्ड लेबर’ हा सिनेमा नाहीच, तो बीबीसीचा टीव्हीपट, म्हणून फिल्म क्लबात बसत नाही. अहो पण ब्रिटिश सिनेमाचा त्या काळचा इतिहासच असा आहे ना. ‘ब्लीक मोमेंट्स’नंतर माइक लीला थिएटरसाठी दुसरा सिनेमा करायला थेट १९८८ चा ‘हाय होप्स’ उजाडावा लागला. मधली १७ वर्षं त्याने जे काही फिल्म म्हणून केलं ते टीव्हीसाठी, कारण पैसा तिथेच होता. ‘प्ले फॉर टुडे’ या बीबीसीच्या मालिकेत १९७३ साली ‘हार्ड लेबर’ दाखवला गेला, टोनी गार्नेट निर्माता, सॅल्फर्डमध्ये शूट केलेला, म्हणजे माइक ली जिथे वाढला तिथेच. ते वगळून तुम्ही ब्रिटिश सिनेमा शिकवणार असाल तर मधलं पानच फाडल्यासारखं होईल.

आणि त्यात ती साइड रोलवाली नाहीये! मिसेस थॉर्नली हीच त्या फिल्मची मध्यवर्ती बाई आहे. हे समितीतल्या एकाने जरी तपासलं असतं तरी ते वाक्य माझ्या कानावर आलं नसतं.

काय काम आहे ते. मिसेस थॉर्नली दुसऱ्याच्या बंगल्यात साफसफाई करते आणि घरी येऊन तेच करते. नवरा नाइट वॉचमन, त्याचा आवाज चढलेलाच असतो. ती त्याला जेवायला वाढते, त्याचे दुखणारे खांदे चोळून देते, आणि हे सगळं करताना तिच्या चेहऱ्यावर राग नाही, दुःख नाही, काहीच नाही, म्हणजे ती आतून कधीची बंद झालीय हे आपल्याला हळूहळू कळायला लागतं. लिझ स्मिथ तिथे रडत नाही, उसासे टाकत नाही. फक्त कामं करते. शेवटाकडे ती चर्चमध्ये कन्फेशनला बसते आणि फादरला सांगते की माझ्याकडून माणसांवर पुरेसं प्रेम होत नाही. अख्खं आयुष्य इतरांसाठी झिजलेली बाई हे पाप म्हणून कबूल करतेय. तो प्रसंग बघताना मी अक्षरशः खुर्चीत पुढे सरकून बसले होते, की ही आता काय करेल, आणि ती काहीही करत नाही, ते वाक्य कसंबसं बाहेर काढते, बास. आमच्या तालमीत कुणाला असा प्रसंग दिला तर शंभरातले नव्वद लोक तिथे हुंदका काढतील, मीसुद्धा काढला असता.

जाता जाता, त्याच फिल्ममध्ये एका छोट्या कामात तरुण बेन किंग्जली आहे, म्हणजे पुढचा आपला ‘गांधी’. नुसतं त्याचं नाव सांगितलं तरी हॉल भरेल, लोक येणार नाहीत ही काळजी असेल तर.

‘गांधी’वरून आठवलं, आणि हा मुद्दा मला महत्त्वाचा वाटतो. १९८२ च्या ‘गांधी’मधल्या कस्तुरबांसाठी आपल्या रोहिणी हट्टंगडींना जे बाफ्टा, म्हणजे ब्रिटिश अकादमीचं पारितोषिक मिळालं ते कुठलं? सहाय्यक अभिनेत्रीचंच. मॉरीन स्टेपलटनबरोबर विभागून. त्याचा आपल्याला केवढा अभिमान आहे, आपल्या क्लबात त्यांचं नाव निघालं की लोक टाळ्या वाजवतात, वाजवायलाच हव्यात. तोच पुरस्कार २ वर्षांनी, १९८४ च्या ‘अ प्रायव्हेट फंक्शन’साठी लिझ स्मिथला मिळाला. एकीच्या वेळी ती मोठी गोष्ट आणि दुसरीच्या वेळी साइड रोल, असं कसं चालेल?

आता ‘अ प्रायव्हेट फंक्शन’बद्दल, कारण माझी सगळ्यात मोठी नाराजी तिथेच आहे. हा सिनेमा तुम्ही सीझनमध्ये ठेवलाय, मॅगी स्मिथला श्रद्धांजली म्हणून. छान केलंत, मनापासून. पण पत्रकात कलाकार म्हणून नावं आहेत मायकेल पेलिन, मॅगी स्मिथ, डेनहोम एलियट. संपली यादी. या सिनेमाला अभिनयाची ३ बाफ्टा मिळाली: मॅगी स्मिथ, डेनहोम एलियट आणि लिझ स्मिथ. तीन विजेत्यांपैकी दोघांची नावं छापली आणि तिसरीचं गाळलं. जागा नव्हती म्हणावं तर खाली चहा-बिस्किटांची सूचना दोन ओळींत आहे.

ज्यांनी बघितला नसेल त्यांच्यासाठी: १९४७ सालचं यॉर्कशायर, युद्ध संपलंय पण रेशनिंग चालूच आहे, मटण मिळत नाही. राजकन्या एलिझाबेथचं लग्न आहे म्हणून गावातली बडी मंडळी मेजवानीसाठी लपवून एक डुक्कर पाळतात. गावातला पायांवर उपचार करणारा एक साधा माणूस, म्हणजे पेलिन, ते डुक्कर पळवतो आणि घरात आणून ठेवतो. मॅगी स्मिथ त्याची बायको, तिला गावात वरच्या लोकांत बसायचंय. आणि लिझ स्मिथ तिची आई. मुलगी जो येईल त्याला आईचं वय सांगत असते, ७४ आहे हो तिचं, जणू वय सांगितलं की घरातल्या सगळ्या गोष्टींचा खुलासा होतो. म्हातारी भुकेली आहे, गोंधळलेली आहे, आणि आपल्याला इथून कुठेतरी नेऊन टाकतील ही धास्ती तिच्या मनात सतत आहे. सिनेमा विनोदी, हॉल हसत असतो, आणि त्या हसण्यातच तिची भीती आपल्यापर्यंत पोचते. ॲलन बेनेटने लिहिलंय तेवढं चांगलंच, पण ते दोन्ही एकाच वेळी चेहऱ्यावर आणणं हे नटीचं काम आहे.

बरं, ती तेव्हा ७४ ची नव्हती. ६२ ची होती. मॅगी स्मिथपेक्षा जेमतेम १३ वर्षांनी मोठी, आणि तिची आई झालीय, आणि एका क्षणालाही शंका येत नाही. आजीबाईचे रोल म्हणून जे उडवून लावलं गेलं त्यात हे असतं. म्हातारं दिसणं हा मेकअपचा प्रश्न झाला, म्हातारं ऐकणं, उशिरा कळणं, कळल्यावरही न कळल्यासारखं करणं, हे करून बघा एकदा.

आजीबाई आजीबाई म्हणताना त्या सगळ्या एकच बाई नव्हत्या हेही बघायला हवं. १९८१ च्या ‘द फ्रेंच लेफ्टनंट्स वुमन’मध्ये ती मिसेस फेअर्ली, कडक मालकिणीच्या घरातली. पीटर ग्रीनअवेच्या ‘द कुक, द थीफ, हिज वाइफ अँड हर लव्हर’मध्ये पण ती आहे, तो सिनेमा मला स्वतःला झेपला नाही पण तो भाग वेगळा. ‘द व्हिकार ऑफ डिब्ली’ या टीव्ही मालिकेत गावातली विचित्र पदार्थ करून लोकांना खाऊ घालणारी लेटिशिया क्रॉपली, धमाल आहे, तरी माझ्या मते तिच्या ताकदीच्या मानाने ते किरकोळ काम, पण ब्रिटनमध्ये घराघरात ओळख झाली ती त्याने. टिम बर्टनच्या ‘चार्ली अँड द चॉकलेट फॅक्टरी’त एका पलंगावर चौघं आजी-आजोबा झोपलेले असतात ना, त्यातली आजी जॉर्जिना, ती लिझ स्मिथ. तुमच्या मुलांनी, नातवंडांनी हिला बघितलंय, फक्त नाव कुणी सांगितलं नाही. त्याच वर्षी, २००५ मध्ये, वॉलेस आणि ग्रोमिटच्या सिनेमात मिसेस मल्चला आवाजही तिनेच दिला.

आणि मिसेस डिल्बर. डिकन्सच्या ख्रिसमसच्या गोष्टीतली कामवाली बाई, मेलेल्या मालकाच्या घरातल्या वस्तू उचलून विकणारी. १९८४ च्या फिल्ममध्ये जॉर्ज सी. स्कॉटबरोबर लिझ स्मिथने ती केली, आणि १९९९ मध्ये पॅट्रिक स्ट्युअर्टबरोबर परत तीच. म्हणजे मधे १५ वर्षं गेली, दिग्दर्शक बदलला, नायक बदलला, आणि त्या दोन-चार मिनिटांच्या बाईसाठी माणसं पुन्हा हिच्याकडेच आली. माझ्या कार्यक्रमात मला हे दोन्ही तुकडे शेजारी शेजारी दाखवायचे होते. एकच नटी, एकच पात्र. अभिनयावर बोलायला याहून चांगलं साधन कुठल्या क्लबाला मिळणार आहे?

‘द रॉयल फॅमिली’ तर वेगळं प्रकरण. राजघराण्याशी काही संबंध नाही, मँचेस्टरकडच्या एका कामगार कुटुंबाचं आडनाव रॉयल. ही टीव्ही मालिका १९९८ साली सुरू झाली. कॅरोलाइन अहर्न आणि क्रेग कॅश हे तिचे मुख्य लेखक. जवळजवळ सगळं घडतं ते एका बैठकीच्या खोलीत, सोफ्यावर बसून टीव्ही बघत, मागून पेरलेलं हसू नाही. लिझ स्मिथ त्यातली नाना, म्हणजे आजी. लाडकी पण आहे आणि मतलबी पण, मुलीकडे मुक्काम कसा वाढवता येईल यावर बारीक लक्ष ठेवून असलेली. २००६ च्या विशेष भागात नाना आजारी पडते, बैठकीच्या खोलीतच तिचा पलंग टाकलाय, आणि मुलगी बार्बरा तिचे केस नीट करून देते. त्यात आपल्याला समजतं की आता फार दिवस नाहीत, त्या दोघींना पण समजलेलं असतं, आणि बोलणं चालू असतं ते भलतंच. लिझ स्मिथ तेव्हा ८४ वर्षांची होती. ज्यांनी घरी म्हातारं माणूस सांभाळलंय त्यांनी तो भाग बघावा. माझ्या सासूबाईंचं शेवटचं वर्ष मी घरात बघितलंय, केस विंचरून द्यायचं काम माझ्याकडेच होतं, त्यामुळे त्या सीनबद्दल मी जास्त लिहीत नाही.

२००९ मध्ये तिला एमबीई हा सन्मान मिळाला, त्याच वर्षी पक्षाघाताच्या झटक्यांनंतर ती थांबली, आणि २४ डिसेंबर २०१६ ला वयाच्या ९५ व्या वर्षी गेली.

पडद्यावर किती मिनिटं असते, हाही एक मुद्दा फोनवर आला होता. मिनिटं मोजायची तर १९५९ च्या ‘रूम ॲट द टॉप’मधल्या हर्मायनी बॅडलीचं काय करायचं? जेमतेम अडीच मिनिटांचं काम, नायिकेची मैत्रीण, जिच्या फ्लॅटवर ती दोघं भेटतात ती एल्स्पेथ, आणि त्यासाठी ऑस्करचं नामांकन. वाईट एवढंच वाटतं की आज तिचं नाव निघतं ते फक्त क्विझमध्ये, सर्वात छोटा रोल कुणाचा म्हणून. ‘ब्रायटन रॉक’मधली तिची आयडा कुणी बघत नाही, जी त्या गुंड पोराच्या मागे हात धुवून लागते आणि अख्खी गोष्ट पुढे ढकलते. १९६४ च्या ‘मेरी पॉपिन्स’मधली घरातली मोलकरीण एलन पण तीच. ज्युडी डेंचला ‘शेक्सपिअर इन लव्ह’मधल्या राणीसाठी ऑस्कर मिळालं तेही साधारण आठेक मिनिटांवरच. कॅथलीन हॅरिसन, थोरा हर्ड, आयरीन हँडल, जोन सिम्स, किती नावं घ्यायची. ब्रिटिश सिनेमातला मोहल्ला, गल्ली, पब, स्वयंपाकघर हे सगळं या बायकांनी वसवलंय. हिरो येऊन जातो हो, घर यांचं असतं.

हेही मान्य करते की दुर्लक्ष काही आपल्याच क्लबाचं नाही. ऑस्करमध्ये १९३६ पासून सहाय्यक कलाकारांना पुरस्कार सुरू झाला तेव्हा कित्येक वर्षं त्यांना पुतळा मिळत नव्हता, पाटी मिळायची. बाफ्टामध्ये तर हा विभाग आला १९६८ च्या सिनेमांपासून, पहिली मानकरी बिली व्हाइटलॉ. म्हणजे त्याआधी अशी कामं करून गेलेल्या कितीतरी जणींना तिथे रकानाच नव्हता. मोठ्या संस्थांनी उशिरा का होईना सुधारलं. आपला क्लब तर आपल्याच हातात आहे.

निर्णय कसा झाला त्यावरही बोलायला हवं. कार्यक्रम मी लेखी दिला होता, तो मान्य झाल्याचं मला सांगितलं होतं, तयारी चालू होती, आणि मग सभासदांची मीटिंग न घेता, मला न कळवता, थेट शेड्यूलमध्ये बदल. वर्गणी भरणाऱ्या सभासदांचा क्लब आहे आपला. बदल करायचा अधिकार समितीला आहे, नाही म्हणत नाही, पण कारण लेखी सांगायला काय हरकत होती. हक्कांचा आणि खर्चाचा प्रश्न असता तर मी समजून घेतलं असतं, तो खरा प्रश्न असतो, पाहिजे ती फिल्म रीतसर परवानगी घेऊन दाखवणं सोपं नाही आणि चोरून डाउनलोड करून दाखवा असं मी कधीच म्हणणार नाही. पण त्याचा उल्लेखही झाला नाही. कारण दिलं गेलं ते साइड रोलचं.

तर माझ्या, आणि खाली नावं देणाऱ्या सभासदांच्या मागण्या अशा.

लिझ स्मिथची संध्याकाळ याच सीझनमध्ये परत घ्या. शनिवारच हवा असा हट्ट नाही, मधल्या वारी छोट्या हॉलमध्ये घेतलीत तरी चालेल. ‘हार्ड लेबर’ पूर्ण, मग मिसेस डिल्बरचे दोन तुकडे, मग चर्चा. परवानगीचा पत्रव्यवहार मी करते, हॉलचं भाडं आमचा ग्रुप वर्गणी काढून भरेल, प्रास्ताविक मी करेन किंवा तुम्हाला दुसरं कुणी योग्य वाटलं तर त्यांनी करावं, माझा आग्रह माझ्या नावाचा नाही.

‘अ प्रायव्हेट फंक्शन’चं पत्रक दुरुस्त करा. छापून झालं असेल तर ग्रुपवरची इमेज तरी बदला, आणि त्या दिवशी सिनेमा सुरू व्हायच्या आधी तिघांचीही नावं घ्या, कुणी कुठलं पात्र केलंय ते सांगा.

यापुढे प्रत्येक पत्रकात दिग्दर्शक आणि दोन स्टार एवढ्यावर न थांबता सहाय्यक भूमिकांमधल्या कलाकारांची नावं पात्रांसकट द्या. हे मराठी सिनेमे दाखवतानाही करा. तिथे तर ती माणसं आपल्याच गावात राहत असतात, कधीकधी हॉलमध्ये मागच्या रांगेत बसलेली असतात.

वर्षातून एक संध्याकाळ अशा एका कलाकाराची, बाई असो वा पुरुष, आणि ती कुणाची हे सभासदांना विचारून ठरवा.

या पत्राचं उत्तर लेखी द्या, सीझन सुरू व्हायच्या आधी. निर्णय बदलणार नसाल तर का नाही ते कारणासकट लिहा, आम्ही वाचू आणि त्यावर सभ्यपणेच बोलू. फोन नको.

बाकीच्या सभासदांना: तुम्हाला पटत असेल तर खाली तुमचं नाव टाका, पटत नसेल तर तेही मोकळेपणाने लिहा. आणि ‘हार्ड लेबर’ माइक लीच्या बीबीसीवरच्या कामांच्या डीव्हीडी संचात आहे, कुणाकडे तो संच असेल तर कृपया मला कळवा, परवानगीचं पत्र लिहिताना त्याच्या कव्हरवरची माहिती लागणार आहे.

कळावे,
आपल्याच क्लबातली एक सभासद